मरीआईच्या गाड्यातली कॅसेट

आज ना उद्या नाशकात आपल्या नावाचा एक चौक होणार, याबद्दल वेणीमाधव गायधनींच्या मनात तिळमात्र शंका नव्हती. कोणत्या कामगिरीबद्दल, एवढंच काय ते ठरायचं राहिलं होतं. वडील आणि थोरले भाऊ पंचवटीत यजमानांचे विधी सांभाळत. वेणीमाधवांनी मात्र ओझरच्या विमान कारखान्यात हिशेब खात्यातली खुर्ची धरली आणि जीव नाटकाला वाहिला. कारखान्याच्या नाट्यस्पर्धेत ते दरवर्षी उतरत आणि दरवर्षी त्यांना उत्तेजनार्थ बक्षीस मिळे. इतक्या उत्तेजनानंतर दुसरा एखादा सुधारला असता, असं एक परीक्षक खाजगीत म्हणाल्याचं त्यांच्या कानावर आलं होतं. त्यांनी ते मनावर घेतलं नाही.

चौऱ्याण्णव साली त्यांनी घरात जाहीर केलं, "नाटक बस्स. आता फिल्म. अर्ध्या तासाची, पण अशी की लोक अर्धं आयुष्य तिच्याबद्दल बोलत राहतील."

त्यांची बायको अनसूया मेथी निवडत बसली होती. तिनं विचारलं, "कशावर?"

"प्लेगवर."

"बरं झालं, जेवणं झाल्यावर सांगितलंत."

कल्पना मात्र वाईट नव्हती. पणजोबांच्या काळात प्लेग आला तेव्हा सगळं गाव घरदार सोडून रानात झोपड्या बांधून राहिलं होतं, हे वेणीमाधवांनी लहानपणापासून ऐकलेलं. दिवेलागणीला कंदिलाभोवती बसायचं आणि एकेकानं कहाणी सांगायची, कारण दुसरं करण्यासारखं काही नव्हतं. त्याच जुन्या कहाण्या वेणीमाधवांनी उलट्यापालट्या करून घेतल्या होत्या. राजा तोच, आवडती-नावडती त्याच, व्रतंही तीच. पण इथल्या राजाला नगरपालिका होती, उंदरांना मतदानाचा हक्क होता, आणि देव प्रसन्न व्हायचा तो आधी साहेबांची सही घेऊन. फिल्मचं नाव 'आटपाट प्लेग'. शेवटची गोष्ट त्यांनी स्वतःसाठी राखून ठेवली होती. तिच्यात एक तत्त्वज्ञ मरणावर बोलतो आणि बराच वेळ बोलतो.

संहिता हातावेगळी होते न होते तोच सप्टेंबरात सुरतेला खरोखरचा प्लेग आल्याची बातमी आली. नाशिकची पाचावर धारण बसली. मेडिकलच्या दुकानांतून टेट्रासायक्लिनच्या गोळ्या गायब झाल्या, रुमालांना भाव आला, आणि रस्त्यात गुजरातची नंबरप्लेट दिसली की लोक श्वास रोखून बाजूला होऊ लागले. मेनरोडच्या गर्दीत एखादा शिंकला तर त्याला थेट रविवार कारंजापर्यंत मोकळी वाट मिळे.

"याला म्हणतात वेळ साधणं," वेणीमाधव म्हणाले.

"याला काय म्हणतात ते तृप्तीच्या वडिलांनी मघाशी फोनवर सांगितलं," अनसूया म्हणाली. "ती मामाच्या गावाला गेली. नावडतीचं काम ती करणार नाही."

तृप्ती ही फिल्मची नायिका. तिच्यामागोमाग बाकीचे नटही गळाले. कोणाची आजी आजारी पडली, कोणाला एकाएकी कुलदैवत आठवलं. वेणीमाधवांपाशी उरले दोघं. एक गोटीराम, कारखान्यातला फिटर, ज्याच्या द्राक्षमळ्यात त्यांनी पाचटाच्या झोपड्या उभ्या केल्या होत्या. दुसरा किशोर, लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करणारा पोरगेला गडी, ज्याला दिवाळीनंतरच्या मुहूर्तांपर्यंत काही काम नव्हतं.

राहता राहिली नावडती. आता खरं सांगायचं तर अनसूयेनं लग्नाआधी कॉलेजचा रंगमंच गाजवलेला होता. लग्नानंतर वेणीमाधवांनी तिला एकाही नाटकात घेतलं नाही. घरातलं माणूस घेतलं की लोक बोलतात, असं ते सांगत. पण कारण निराळं होतं. अनसूया रंगमंचावर असली की प्रेक्षक दुसरीकडे बघत नसत, आणि दुसरीकडे बहुधा वेणीमाधव उभे असत. हे त्यांना ठाऊक होतं, तिलाही ठाऊक होतं, आणि इतकी वर्षं दोघंही त्यावर काही बोलले नव्हते.

"तू करशील?" वेणीमाधवांनी विचारलं.

तिनं मेथीचे देठ कागदात गुंडाळले. "इतक्या वर्षांनी विचारलंत," ती म्हणाली, "तेही दुसरी पळाली म्हणून. पण करते."

शूटिंगच्या दिवशी गोटीरामच्या मळ्यात झोपडीसमोर मांडी घालून तिनं गोष्ट सांगितली. वेणीमाधवांनी लिहून दिलेले कागद तिनं मांडीखाली ठेवले आणि स्वतःच्याच शब्दांत सांगितली. वेणीमाधव 'कट' म्हणणार होते, पण त्यांच्या तोंडून हसूच बाहेर पडलं. किशोरचे खांदे गदगदायला लागले आणि कॅमेरा खांद्यावरच असल्यामुळे चित्रही गदगदलं. गोष्ट संपली तेव्हा गोटीराम वेलींच्या मांडवाखाली बसून डोळे पुसत होता.

"झकास," वेणीमाधव म्हणाले. "आता एकदा न हलता घेऊ."

"नाही. गोष्ट एकदाच सांगता येते. दुसऱ्यांदा सांगितली की ते पाठांतर होतं." अनसूया उठली, पदराची धूळ झटकली. घरी यजमान उतरले होते, त्यांचा स्वयंपाक पडला होता, तेव्हा तिला पुढची एसटी गाठायची होती. जाताना ती एवढंच म्हणाली, "कॅसेट जपा. माझं सगळं आहे तिच्यात."

जिवापलीकडे जपेन, असं वेणीमाधवांनी छातीवर हात ठेवून सांगितलं. मग त्याच कॅसेटवर, तिच्या गोष्टीच्या पुढं, त्यांनी आपली तत्त्वज्ञाची गोष्ट घेतली. पुन्हा पुन्हा घेतली.

शेवटचा शॉट होता मरीआईच्या गाड्याचा. पूर्वी गावात रोगराई आली की लोक एक लहानसा लाकडी गाडा करत. त्यात हळदकुंकू, हिरवा चोळखण, बांगड्या, लिंबं, कडुनिंबाचे डहाळे ठेवत, देवीला हात जोडत आणि गाडा आपल्या शिवेपलीकडे लोटून देत. पुढच्या गावाला तो आपल्या हद्दीत दिसला की त्यांनी दिवस मावळायच्या आत तो आणखी पुढं लोटायचा. लोटणाऱ्यानं मागं वळून बघायचं नाही आणि गाड्यातली वस्तू कोणी काढून घ्यायची नाही. अशा रीतीनं रोग प्रत्येकाच्या गावाबाहेर जाई. शेवटी कुठं जाई, याची चौकशी कोणी करत नसे. सरकारी कारभाराची याहून नेमकी थट्टा सापडणार नाही, असं वेणीमाधवांचं मत होतं आणि फिल्मचा शेवट त्यांनी त्यावरच बेतला होता.

गाडा कारखान्यातल्या एका सुतारानं करून दिला होता. अनसूयेनं निघण्याआधी तो तिच्या आजीच्या रीतीनं साग्रसंगीत भरला होता. "खोटा दिसता कामा नये," असं वेणीमाधव सारखं बजावत होते. तो खोटा दिसत नव्हता. घोटाळा झाला तो त्यामुळेच.

दुपारी ऊन चांगलंच तापलं. किशोरनं भरलेली कॅसेट काढून नवी घातली. उन्हानं फीत बिघडते, म्हणून भरलेलीसाठी त्यानं सावली शोधली आणि ती गाड्यातल्या चोळखणाखाली सारली. गाडा शिवेच्या दगडापलीकडे बाभळीखाली नेऊन उभा केला, फ्रेम लावली, आणि नेमकी कॅमेऱ्याची बॅटरी उतरली. ती चार्ज होईपर्यंत तिघं गोटीरामच्या घरी पिठलं-भाकरी खायला गेले. परत आले तेव्हा दगड होता, बाभूळ होती, गाडा नव्हता.

"कोणी चोरला?" वेणीमाधवांनी विचारलं.

"चोरतंय कोन त्याला?" गोटीराम म्हणाला. "शिरसमाळवाल्यांनी लोटला आसंल पुढं. आपन दगडाच्या त्या अंगाला ठिवला व्हता ना, ती त्यांची हद्द. रेडिओवर सुरत, अन शिवेवर मरीआईचा गाडा. तुम्ही आसते तर काय केलं आसतं?"

वेणीमाधवांनी किशोरकडे बघितलं. किशोर स्वतःच्या चपलांकडे बघत होता. "काका," तो म्हणाला, "कॅसेट गाड्यातच आहे."

वेणीमाधवांनी खिशात स्कूटरची किल्ली शोधली. तत्त्वज्ञाची आठवण त्यांना झाली नाही असं नाही. पण आधी डोळ्यासमोर आली ती पदराची धूळ झटकणारी अनसूया. घरी जाऊन तिला काय सांगायचं? तुला इतक्या वर्षांनी विचारलं आणि संध्याकाळच्या आत हरवलं? ते धावत स्कूटरकडे गेले. गोटीराम काही बरोबर यायला तयार होईना. शिरसमाळला त्याच्या बहिणीचं सासर होतं, आणि गाडा भावाच्या मळ्यातून आला हे तिकडं कळलं असतं तर तिची धडगत नव्हती.

शिरसमाळच्या वेशीत रस्त्यावर आडवी बाज टाकून वाल्मीक नावाचे म्हातारबा पहाऱ्याला बसले होते. तोंडाला उपरणं, हातात काठी.

"गाडा व्हय? आला व्हता ना," ते म्हणाले. "आपोआप आला. भर उन्हात, चाकं न फिरवता."

"चाकं न फिरवता गाडा कसा येईल?"

"म्हनून तर म्हनलं ना, आपोआप." वाल्मीकबाबांनी त्यांच्याकडे जरा कीव आल्यासारखं बघितलं. "आम्ही नारळ ठिवला, एक कोंबडी बांधली अन दिला आंबेखेड्याकडं लोटून."

आंबेखेड्यापर्यंत जाईस्तोवर गोष्टीनं बाळसं धरलं होतं. तिथं पारावरची मंडळी सांगत होती की गाडा हिरव्या लुगड्यातली एक बाई ओढत होती, तिचे केस जमिनीवर लोळत होते, आणि गाड्यातून चित्रविचित्र आवाज येत होता.

"आवाज कोंबडीचा असेल," किशोर म्हणाला.

"कोंबडीचा आवाज आम्हाला कळत नाय काय?" एकानं विचारलं.

इथं वेणीमाधवांचा धीर सुटला. इथून पुढं जे झालं त्याला तेच जबाबदार आहेत. ते स्कूटरवरून उतरले, खाकरले आणि रंगमंचावरच्या आवाजात म्हणाले, "हे बघा, तो गाडा आमचा आहे. मीच आणून ठेवला. आता परत न्यायला आलोय."

पारावरची मंडळी झटकन दोन पावलं मागं सरली. त्या मुलखात मरीआईचा गाडा माझा आहे असं म्हणणं म्हणजे रोग माझा आहे असं म्हणणं. आणि लोटलेला गाडा परत मागायला आलेला माणूस तर आजवर कोणाच्या पाहण्यात नव्हता.

"कुठून आले म्हने तुम्ही?"

"नाशिकहून."

किशोरला वाटलं आपण मदत करावी. "घाबरू नका हो," तो म्हणाला, "प्लेग आमचाच आहे, पण गमतीचा आहे."

त्यानंतर सगळं फार झपाट्यानं झालं. कोणीतरी द्राक्षांवर गंधक उडवायचा पंप घेऊन आलं. जंतू मारायला दुसरं काही गावात नव्हतं आणि गंधक प्रत्येकाच्या घरी पोत्यानं होतं. वेणीमाधवांनी डोळे मिटले आणि उघडले तेव्हा त्यांचा सदरा, मिशा, स्कूटर आणि किशोर सगळं पिवळंजर्द झालं होतं. मग मंडळींनी दोघांना टेट्रासायक्लिनची एकेक गोळी पाण्याबरोबर गिळायला लावली आणि स्कूटरसकट शिवेपलीकडे लोटून दिलं. लोटणाऱ्यांपैकी एकानंही मागं वळून बघितलं नाही.

"काका, आपलाच गाडा झाला," किशोर शिंकत म्हणाला.

पुढची जेमतेम एक वस्ती होती. तिथल्या बायकांनी दोन पिवळी माणसं येताना बघितली आणि त्या लगबगीनं पाण्याचे तांबे घेऊन सामोऱ्या आल्या. अंगभर भंडारा माखलेले देवीचे भगत गाड्यामागून येतात, हे त्यांना माहीत होतं. वेणीमाधवांच्या पायांवर पाणी पडलं. एकीनं आपलं लेकरू त्यांच्या पायाशी घातलं आणि हात जोडून विचारलं, "बाबा, ह्याला काही व्हनार नाय ना?"

वेणीमाधव खरं काय ते सांगायला तोंड उघडणार होते. किशोरनं त्यांचा सदरा मागून ओढला. "खरं बोलू नका. मघाशी खरं बोललो ते अजून अंगावर आहे."

पण वेणीमाधवांना त्या बाईचा चेहरा बघून बोलवेना ते वेगळ्याच कारणानं. ती खरोखर घाबरली होती. उंदरांच्या मतदानावर कागदच्या कागद लिहिताना त्यांना असा चेहरा एकदाही दिसला नव्हता. त्यांनी पोराच्या डोक्यावर हात ठेवला. "काही होणार नाही," ते म्हणाले, "पाणी उकळून द्या, घर झाडून घ्या आणि ताप आला तर लगेच डॉक्टरकडे न्या." बाईनं मान डोलावली. देवीचा भगत इतकं मुद्द्याचं बोलतो याचं तिला नवल वाटलेलं दिसलं. गाडा कोळवाडीला गेल्याचं तिनंच सांगितलं.

कोळवाडीच्या मारुतीसमोर गाडा उभा होता. आता त्याच्यावर झेंडूच्या माळा होत्या, दोन लुगडी होती आणि कोंबड्यांची संख्या वाढली होती. वेणीमाधवांनी झडप घालून चोळखण उचलला. खाली कॅसेट नव्हती. आसपास चिटपाखरू नव्हतं. घरांना कड्या होत्या, ओट्यांवर कोणी नव्हतं. इतक्यात देवळाच्या सभामंडपातून एक आवाज आला आणि वेणीमाधव जागच्या जागी थांबले. तो अनसूयेचा आवाज होता.

सभामंडपाच्या कमानींना पोती लावून अंधार केला होता. आत अख्खं गाव दाटीवाटीनं बसलं होतं, तोंडाला रुमाल, पदर, उपरणी बांधून. समोर टेबलावर टीव्ही आणि व्हीसीआर. लग्नाबारशाला ही सामग्री भाड्यानं देणारा दत्तू बाजूला उभा होता. कोंबडीनं चोळखण उकरला तेव्हा कॅसेट वर आली, असं नंतर कळलं. गाड्यात कोणी उगाच कॅसेट ठेवत नाही, त्या अर्थी देवीचा काही निरोप असणार, असं दत्तूचं म्हणणं पडलं. गावातल्या वडीलधाऱ्या वत्सलाबाईंनी त्यावर विचार करून निर्णय दिला होता की काढून घ्यायची नाही, पण ऐकून परत ठेवायला हरकत नाही.

पडद्यावर अनसूया मांडी घालून बसली होती आणि सांगत होती. "आटपाट नगर होतं. तिथं एक राजा होता. राजाला एक आवडती राणी होती, एक नावडती होती, आणि एक नगरपालिका होती, ती कुणालाच आवडत नसे. एके दिवशी नगरात उंदीर पडू लागले. राजानं दवंडी पिटवली, उंदीर झोपलेत, कुणी उठवू नये."

पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्याचा रुमाल फुरकन हलला. तो हसला होता. मग शेजारचा हसला.

"मग माणसं पडू लागली. राजा म्हणाला, मी पुढं जाऊन पाहणी करतो. पुढं म्हणजे मागच्या दारानं. बरोबर आवडती, सगळे हत्ती आणि लोणच्याच्या बरण्या. प्रधान गेला, वैद्य गेले. नावडतीला कुणी सांगितलंच नाही, कारण ती गोठ्यात राहायची. सकाळी उठून बघते तर राजवाडा रिकामा. तिनं पहिल्यांदा काय केलं असेल? राजाच्या पलंगावर पाय पसरून झोपली."

आता बायकांची बाजू उसळली. कोणी कोणाच्या पाठीत धपाटे घालत होतं. हसताना श्वास पुरेना म्हणून एकीनं तोंडावरचा पदर काढला, मग दुसरीनं काढला. वेणीमाधव पोत्याच्या फटीतून एकटक बघत राहिले. इतकी वर्षं ते असं हसू शोधत होते. नाटकामागून नाटकं लिहून त्यांना ते सापडलं नव्हतं, आणि ते त्यांच्या घरात मेथी निवडत बसलेलं होतं.

"नावडतीनं कोठारं उघडली, गल्ल्या झाडल्या, आजाऱ्यांना पाणी पाजलं. रोग सरला. मग एके दिवशी राजा आला तोंडाला फडकं बांधून. नावडती वेशीवरच उभी. म्हणाली, कोण? म्हणाला, मी राजा. कुठून आलात? बाहेरगावाहून. मग बसा, म्हणाली, थोडे दिवस वेशीबाहेर."

सभामंडप हास्यानं भरून गेला. पण सगळ्यांत मोठं हसू आलं ते मागच्या बाजूनं, पोत्याबाहेरून, वेणीमाधवांच्या शेजारून. फटीला डोळा लावून तिथं आणखी एक माणूस उभा होता, आणि आपलं हसू मोठं झालं हे त्याच्याही उशिरा लक्षात आलं. आतली माणसं गप्प झाली. दत्तूनं चित्र थांबवलं.

"कोन हाय?" वत्सलाबाईंनी विचारलं.

"मी जयराम."

जयराम याच गावचा. सुरतेला गिरणीत कामाला होता, भीतीनं बायकोला घेऊन परत आला, आणि तेव्हापासून गावानं दोघांना शाळेच्या व्हरांड्यात बसवलं होतं. भाकरी लांबून ठेवली जायची.

"कुठून..." असं कोणीतरी सुरू केलं आणि जीभ चावली. पडद्यावर नावडतीची गोष्ट सांगणारी अनसूया 'वेशीबाहेर'पाशी थांबलेली होती. सगळं गाव तिच्याकडे बघत होतं आणि एकमेकांकडे बघायचं टाळत होतं.

वत्सलाबाई पोत्याकडे वळल्या. "डॉक्टर काय म्हनले व्हते रे, जयराम?"

"परवाच तपासून गेले ना, आत्याबाई. काहीच नाय म्हनले. तुम्हाला सांगितलं त्यांनी."

"सांगितलं व्हतं," वत्सलाबाई म्हणाल्या. "आम्हीच ऐकलं नाय. ये आत. बायकोला घे. तिथून बघून मान मोडंल."

लोकांनी सरकून जागा केली. जयरामची बायको बायकांत येऊन बसली आणि शेजारणीनं तिच्या मांडीवर आपलं पोर दिलं. वेणीमाधवांच्या डोळ्यांत पाणी आलं. थोडं गंधकामुळंही असेल, पण ते रडत होते.

यानंतर तत्त्वज्ञ आला. पडद्यावर वेणीमाधव शाल पांघरून म्हणाले, "मरण म्हणजे काय?" फटीबाहेरचे वेणीमाधव नकळत ताठ झाले. आत कोणीतरी जांभई दिली. तत्त्वज्ञ बोलत राहिला. "ह्ये बाबा लय बोलू राह्यले," वत्सलाबाई म्हणाल्या, "पळव रे." दत्तूनं बटण दाबलं. वेणीमाधवांचं तोंड भराभरा उघडझाप करू लागलं, हात पंख्यासारखे फिरू लागले, आणि पोरं हसून हसून आडवी झाली. मग सगळ्यांनी एकमुखानं सांगितल्यावरून दत्तूनं नावडतीची गोष्ट पहिल्यापासून लावली.

गोष्ट दुसऱ्यांदा संपल्यावर वेणीमाधव आत गेले आणि त्यांनी सरळ कॅसेट मागितली. फिल्म आपण केली, गोष्ट सांगणारी आपली बायको, सगळं सांगितलं. त्यांच्या पिवळ्या अवताराकडे बघून तत्त्वज्ञ कोणी ओळखला नाही. पण बायको म्हटल्यावर मंडळींनी आदरानं बसायला पाट दिला.

"लय गुनाची बाई हाय," वत्सलाबाई म्हणाल्या. "पन बाबा, गाड्यातून आलेलं गाड्यातनंच पुढं जातं. परत न्येलं तर रोग परत न्येला म्हनतील. अन पुढच्या गावालाबी कोन ना कोन वेशीभाईर बसलेलं आसंलच की."

किशोर त्यांच्या कानाशी लागला. "काका, स्कूटर दारातच उभी आहे. मी कॅसेट उचलतो, तुम्ही किक मारा." दुसरी प्रत काढावी तर दोन व्हीसीआर लागले असते आणि पंचक्रोशीत दत्तूचा एकच होता. दिवस कलला होता. गाडा निघायची वेळ झाली होती.

वेणीमाधवांनी सभामंडपात एकदा नजर फिरवली. जयराम कोणाच्या तरी हातचा चहा पीत होता. निम्म्या लोकांचे रुमाल गळ्यात आले होते. "राहू दे," ते किशोरला म्हणाले. त्यांनी स्वतःच्या हातानं कॅसेट चोळखणात गुंडाळली, गाड्यात ठेवली आणि गावकऱ्यांबरोबर शिवेपर्यंत गाडा लोटत नेला. दत्तूनं टीव्ही आणि व्हीसीआर बैलगाडीत घातला होता. पुढच्या गावाला कसं लावायचं ते कळणार नाही, असं त्याचं म्हणणं. शिवेवरून माघारी फिरताना मागं बघायची वेणीमाधवांना फार इच्छा झाली, पण त्यांनी बघितलं नाही.

अनसूयेनं दार उघडलं तेव्हा यजमान जेवून उठले होते. तिनं नवऱ्याला डोक्यापासून पायापर्यंत न्याहाळलं. "प्लेग की कावीळ?" तिनं विचारलं.

वेणीमाधव उंबऱ्यातच उभे राहिले आणि त्यांनी सगळं सांगितलं. काहीच लपवलं नाही. कॅसेट हरवली, सापडली आणि आपण आपल्या हातानं ती पुढं लोटली, हेही सांगितलं. "तू जप म्हणाली होतीस," ते म्हणाले. "नाही जपता आलं."

ती आत गेली. घंगाळात ऊन पाणी काढलं, टॉवेल आणून दिला. मग स्वयंपाकघराच्या दाराशी पाठमोरी थांबून तिनं विचारलं, "हसले का हो?"

"हसले? अगं, उंदीर झोपलेत म्हटल्याबरोबर हसले. पलंगावर झोपली तेव्हा बायकांनी एकमेकींना बडवलं. आणि वेशीबाहेर बसा म्हणालीस ना, तेव्हा आधी हसले आणि मग गप्प झाले." त्यांनी तिला जयरामचं सांगितलं, त्याच्या बायकोच्या मांडीवर दिलेल्या पोराचं सांगितलं. ती मधेमधे थांबवून विचारत होती. बरण्यांना हसले का? नगरपालिकेला? त्यांनी सगळ्या जागा बिनचूक सांगितल्या. नाटकवाल्याला तेवढं लक्षात राहतं.

अनसूया वळली. तिचा चेहरा बघून वेणीमाधवांना कॉलेजच्या रंगमंचावरची मुलगी आठवली. "माझ्याकडे आणखी एक आहे," ती म्हणाली. "आवडतीची. ती हत्तीवरून पळाली ना, तिचं पुढं काय झालं ते. किशोरला रविवारी बोलवा."

"बोलावतो," वेणीमाधव म्हणाले. त्यांच्या जिवात जीव आला.

"आणि तुमच्या गोष्टीला कुठं कुठं हसले?"

वेणीमाधवांनी टॉवेलात तोंड खुपसलं आणि कानांमागचं गंधक फार मन लावून पुसलं.

"तेव्हा नेमकी लाइट गेली होती," ते म्हणाले.